धनंजय रामचंद्र गाडगीळ

धनंजय रामचंद्र गाडगीळ (जन्म : नाशिक, १० एप्रिल १९०१, मृत्यू : ३ मे १९७१) हे भारतीय अर्थशास्त्रज्ञ आणि महाराष्ट्रातील सहकारी चळवळीचे एक प्रमुख मार्गदर्शक होते. पुण्याच्या गोखले राज्यशास्त्र व अर्थशास्त्र संस्थेचे ते पहिले संचालक होत.

शिक्षण व कार्य

गाडगीळांचे बालपण व शालेय शिक्षण नागपूर येथे झाले. उच्च शिक्षणासाठी ते केंब्रिज विद्यापीठात गेले. भारताच्या औद्योगिक उत्क्रांतीवरील त्यांचा प्रबंध १९२४ मध्ये ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाला. सुरतेच्या महाविद्यालयात प्राचार्य म्हणून काम केल्यानंतर १९३० मध्ये त्यांनी गोखले संस्थेची धुरा स्वीकारली. १९६६ पर्यंत ते त्या पदावर होते. पुढे ते पुणे विद्यापीठाचे कुलगुरू आणि १९६७ पासून नियोजन आयोगाचे उपाध्यक्ष झाले. राज्यांना द्यावयाच्या केंद्रीय साहाय्याच्या वाटपाचे सूत्र त्यांच्याच नावाने ओळखले जाते.

सहकारी चळवळ

१९४४ मध्ये नेमलेल्या कृषी वित्त उपसमितीचे गाडगीळ अध्यक्ष होते. अखिल भारतीय ग्रामीण पतपाहणी समितीचेही ते सदस्य होते. १९५१-५२ मध्ये शेतकऱ्यांच्या एकूण कर्जापैकी जेमतेम ३ टक्के कर्ज सहकारी संस्थांकडून मिळत असल्याचे या पाहणीत आढळले.

तत्कालीन अहमदनगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यातील लोणी येथे विठ्ठलराव विखे पाटील यांनी शेतकऱ्यांच्या मालकीचा प्रवरा सहकारी साखर कारखाना उभारला. गाडगीळ त्याचे पहिले अध्यक्ष, तर विखे पाटील उपाध्यक्ष होते. १९५०-५१ च्या हंगामात कारखान्याचे गाळप सुरू झाले. या यशानंतर राज्यात सहकारी कारखान्यांची मालिका उभी राहिली.

निवडणुका आणि कायदा

सहकारी संस्थेत भागभांडवल कितीही असले, तरी सभासदाला एकच मत असते. उसाचा दर, तोडणीचा क्रम, नोकरभरती आणि कर्जे यांचे निर्णय संचालक मंडळाच्या हाती असल्यामुळे कारखान्यांच्या निवडणुका चुरशीच्या होऊ लागल्या. मतदारयादीत कोणाचे नाव असावे, कोणता सभासद थकबाकीदार ठरतो, कोणाचा उमेदवारी अर्ज बाद करावा, यांवर वाद उद्भवू लागले.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मध्ये गाडगीळांच्या हयातीतच, १९६९ साली, निवडणुकांविषयीचे प्रकरण ११-अ समाविष्ट झाले. साखर कारखाने व जिल्हा बँका यांसारख्या विनिर्दिष्ट संस्थांच्या निवडणुका जिल्हाधिकाऱ्यांच्या नियंत्रणाखाली आल्या. निकालापासून दोन महिन्यांच्या आत विभागीय आयुक्तांकडे निवडणूक याचिका दाखल करण्याची तरतूद झाली. नाशिक महसूल विभाग स्थापन झाल्यावर प्रवरेच्या परिसरातील असे वाद गाडगीळांच्या जन्मगावी असलेल्या आयुक्तांच्या कक्षेत आले.

निवडणूक सुरू असतानाच न्यायालयात जाता येते का, हा प्रश्न वारंवार उपस्थित झाला. संत सद्गुरू जनार्दन स्वामी सहकारी दुग्ध उत्पादक संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये मतदारयादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच भाग मानला. प्रक्रिया सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने सहसा हस्तक्षेप करू नये आणि तक्रारदाराने निकालानंतर निवडणूक याचिकेचा मार्ग अवलंबावा, असे त्या निर्णयाचे सार आहे. यामुळे निवडणुका खोळंबणे टळते. मात्र यादीतून वगळलेल्या सभासदाला न्यायासाठी मतदान उरकेपर्यंत थांबावे लागते. ९७ व्या घटनादुरुस्तीनंतर महाराष्ट्रात सहकारी निवडणुकांसाठी स्वतंत्र राज्य प्राधिकरण निर्माण झाले.

वारसा

सहकार हा केवळ कर्जपुरवठ्याचा मार्ग नसून लोकशाही अर्थव्यवस्थेचा पाया आहे, ही गाडगीळांच्या लेखनाची मध्यवर्ती भूमिका होती. सभासदाच्या मताच्या शुद्धतेवरून चालणारे आजचे दावे याच पायाशी निगडित आहेत. पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ हे त्यांचे पुत्र होत.