विश्लेषण : पानिपतात अडकलेल्या तोफांनी महादजी शिंदे यांना काय शिकवले?

अवजड तोफा, उपाशी बैल आणि पावसाळी चिखल यांनी अठराव्या शतकातल्या अनेक लढायांचा निकाल लावला. पानिपतातून जखमी पायाने वाचलेल्या एका मराठा सरदाराने पुढची तीस वर्षे याच प्रश्नावर कशी खर्च केली, त्याविषयी…

पाचगणीच्या टेबललँडवरून खाली पाहिले की धोम धरणाचे पाणी आणि वाई-मेणवलीचा परिसर दिसतो. मेणवलीला नाना फडणवीसांचा वाडा आहे. नदीकाठच्या देवळापाशी टांगलेली भलीमोठी घंटा मराठ्यांनी वसईच्या मोहिमेतून आणलेली. नानांना राजकारणात तोडीस तोड ठरलेले महादजी शिंदे यांचे मूळ गावही सातारा जिल्ह्यातलेच, कोरेगाव तालुक्यातील कण्हेरखेड. त्यांच्या घराण्याकडे तिथली पाटीलकी होती. दिल्लीच्या बादशहाचा सगळा कारभार हाती आल्यावरही महादजींना स्वतःला पाटील म्हणवून घेणे आवडे. उत्तर हिंदुस्थानात ते पाटीलबाबा म्हणून ओळखले गेले.

या पाटीलबाबांनी उभा केलेला तोफखाना त्या काळात हिंदुस्थानातल्या सर्वोत्तम तोफखान्यांपैकी एक होता. पण तो सुबत्तेतून किंवा हौसेतून तयार झाला नव्हता. त्यामागे पराभवांची एक मालिकाच होती.

मराठे अवजड तोफांपासून दूर का राहिले?

याचे पहिले उत्तर सातारा परिसराच्या भूगोलातच आहे. पसरणीचा घाट आज मोटारीने चढतानाही इंजिनाचा कस लागतो. २४ पौंडी गोळा फेकणाऱ्या तोफेची नुसती नळीच अडीच टनांच्या आसपास भरते. त्यात गाडा, गोळे आणि दारू यांचे वजन वेगळे. असे ओझे बैलांच्या रांगा लावून डोंगरावर चढवायचे म्हणजे एकेका मैलाला दिवस जाणार. औरंगजेबाने हा अनुभव घेतला होता. डिसेंबर १६९९ मध्ये त्याने साताऱ्याच्या अजिंक्यताऱ्याला वेढा घातला. प्रयागजी प्रभू यांनी किल्ला झुंजवला आणि तो मुघलांच्या हाती यायला एप्रिल १७०० उजाडला. तट उडवण्यासाठी पेरलेल्या सुरुंगाचा ढिगारा तर मुघलांच्याच सैन्यावर कोसळला आणि त्यात मोठी मनुष्यहानी झाली.

त्यामुळे डोंगरी मुलखात मराठ्यांची भिस्त घोड्यावर, गनिमी काव्यावर आणि किल्ल्यांवर राहिली. वसईच्या वेढ्यातही तोफा होत्या, पण १७३९ मध्ये तटाला खिंडार पडले ते मुख्यतः सुरुंगांनी. पेशव्यांचा तोफखाना सोनोरीच्या पानसे घराण्याकडे होता. मात्र तोफखाना आणि घोडदळ यांना एका तालात लढवण्याची सवय मराठी फौजेला लागली नव्हती. या उणिवेची पुरेपूर किंमत पानिपतात मोजावी लागली.

पानिपतात तोफांचे नेमके काय झाले?

इब्राहिमखान गारदी हा फ्रेंच सेनानी बुसीच्या तालमीत तयार झालेला. १७६० मध्ये उदगीरला निजामाविरुद्ध त्याच्या तोफांचा चांगला उपयोग झाला होता. त्या विश्वासावर सदाशिवरावभाऊंनी तोफखाना बरोबर घेऊन उत्तरेची वाट धरली. नोव्हेंबर १७६० पासून मराठे पानिपतात खंदक खणून बसले. तोफा खंदकामागे असेपर्यंत अब्दालीने थेट हल्ला टाळला. त्याने रसद तोडली. माणसे उपाशी राहिली आणि जनावरेही. तोफेचा खरा इंजिन बैल, आणि त्या बैलाला दोन महिने पुरेशी वैरणच नव्हती.

१४ जानेवारी १७६१ रोजी फौज खंदकाबाहेर पडली आणि घोटाळा उघड झाला. बचावाला बसलेली अवजड तोफ चालत्या लढाईत काही कामाची उरत नाही. गारद्यांच्या पलटणी रोहिल्यांवर चालून गेल्या, तेव्हा त्यांच्याच मागच्या तोफांना गप्प बसावे लागले, कारण मध्ये आपलीच माणसे होती. अब्दालीकडे उंटांवर बसवलेली जंबुरके होती. ती आकाराने लहान आणि पल्ल्याने कमी, पण उंट जाईल तिथे जाणारी. मराठ्यांची रांग फुटू लागली तेव्हा या जंबुरक्यांनी फार मोठा संहार केला. भारी तोफांच्या ताकदीपेक्षा हलक्या तोफांची चाल त्या दिवशी जास्त मोलाची ठरली.

शिंदे घराण्याचे तर या काळात कंबरडेच मोडले. महादजींचे थोरले भाऊ जयाप्पा १७५५ मध्ये नागोरला मारले गेले होते. दत्ताजी जानेवारी १७६० मध्ये बुराडी घाटावर पडले. पानिपतात तुकोजी गेले आणि पुतण्या जनकोजी पकडला जाऊन मारला गेला. १७३० च्या सुमारास जन्मलेले महादजी तेव्हा तिशीचे होते. पळताना पाठलागावरच्या अफगाण स्वाराने त्यांच्या पायावर जबर घाव घातला. राणेखान नावाच्या भिस्त्याने त्यांना आपल्या बैलावर घालून वाचवले. महादजी जन्मभर लंगडत राहिले. राणेखानाला त्यांनी भाऊ मानले आणि पुढे आपला सेनापतीही केले. त्या बैलाची आठवण महादजींच्या तोफखान्याच्या गोष्टीत गमतीची वाटेल, पण पुढच्या प्रत्येक लढाईत बैल पुन्हा पुन्हा समोर येतो.

वडगावला बाजू कशी उलटली?

पानिपतानंतर अठरा वर्षांनी हाच खेळ महादजींनी इंग्रजांवर उलटवला. रघुनाथरावांना पेशवेपदी बसवण्यासाठी मुंबईकर इंग्रजांची सुमारे ३,९०० माणसांची फौज पनवेलहून बोरघाट चढून निघाली. तिच्याबरोबर १९ हजारांवर बैल होते. तोफा, दारूगोळा आणि धान्य यांच्यामुळे तिची चाल इतकी मंद होती की मराठ्यांना घाई करण्याची गरजच उरली नाही. त्यांनी पुढचा मुलूख उजाड केला आणि वैरण जाळली. इंग्रज ९ जानेवारी १७७९ रोजी तळेगावला पोहोचले, तेव्हा गाव रिकामे होते.

दोन दिवसांनी रात्रीच्या अंधारात त्यांनी माघार घेतली. भारी तोफा ओढून नेणे शक्य नसल्याने त्या तळेगावच्या तळ्यात ढकलल्या. वडगावला फौज चहूबाजूंनी घेरली गेली आणि इंग्रजांना तह करावा लागला. पानिपतात मराठ्यांची झाली तशीच ही गत होती, फक्त बाजू बदलली होती.

मात्र इंग्रजांकडूनही धडे मिळायचे होते. ऑगस्ट १७८० मध्ये कॅप्टन पॉपहॅमने ग्वाल्हेरचा किल्ला रात्री शिड्या लावून घेतला. ज्या किल्ल्यापुढे भारी तोफा महिनोन्महिने थकल्या असत्या, तो काही तासांत गेला. मार्च १७८१ मध्ये कॅमकने महादजींच्या छावणीवर रात्री छापा घालून तोफा पळवल्या. कवायती पायदळ आणि त्याच्या पावलाबरोबर चालणाऱ्या तोफा यांच्यासमोर घोडदळ कमी पडते, हे महादजींनी स्वतःच्या छावणीत पाहिले. सालबाईचा तह १७८२ मध्ये झाला, पण ही गोष्ट त्यांच्या मनातून गेली नाही.

डी बॉयन आणि सँगस्टर कुठून आले?

शत्रूच्या छावणीतून, असे म्हणायला हरकत नाही. सालबाईनंतर महादजींनी गोहदच्या राण्याविरुद्ध ग्वाल्हेरला वेढा घातला होता. तेव्हा बेनवा द बॉयन नावाचा सॅव्हॉयचा एक भटका अधिकारी राण्याकडे आला. मराठी कागदांतला हाच डी बॉयन. फ्रेंच आणि रशियन चाकरी करून तो कंपनीच्या मद्रास फौजेतही राहिला होता. महादजींचा वेढा उधळण्याची योजना त्याने राण्याला सुचवली. राण्याने ती मानली नाही, पण महादजींच्या कानावर गेली. दुसऱ्या कोणी असा माणूस पकडून संपवला असता. महादजींनी १७८४ मध्ये त्याला नोकरीत घेतले. मानधन ठरले दरमहा एक हजार रुपये आणि दर शिपायामागे आठ रुपये. तोफा ओतणारा स्कॉटिश कारागीर सँगस्टर हाही गोहदच्याच चाकरीतला. त्याला आग्र्यात कारखाना मिळाला.

त्याच सुमारास युरोपातही हाच विचार चालू होता. सात वर्षांच्या युद्धात पोळलेल्या फ्रान्सने १७६५ नंतर ग्रिबोव्हालच्या पद्धतीने मैदानी तोफा हलक्या केल्या. नळी आखूड, भिंत पातळ, गाडा मजबूत आणि नेम उंचावण्यासाठी लाकडी पाचरीऐवजी स्क्रू. यामागचे गणित साधे आहे. सहा पौंडी हलक्या तोफेची नळी तीनशे किलोच्या आसपास येते, म्हणजे २४ पौंडीच्या जेमतेम आठव्या हिश्श्याची. बैलाच्या काही जोड्या तिला पायदळाच्या चालीने ओढू शकतात, आणि बैल पडले तर माणसेही ढकलू शकतात. तट पाडायला ती उपयोगाची नाही. पण छर्रे भरले तर चालून येणारे घोडदळ अडवायला पुरेशी.

डी बॉयनने प्रत्येक पलटणीला अशा चार-पाच तोफा जोडून दिल्या. किल्ल्यांसाठीच्या भारी तोफा वेगळ्या ठेवल्या. पानिपतात पायदळ पुढे गेले आणि तोफा मागे राहिल्या होत्या. इथे पलटण आणि तिच्या तोफा एकच एकक झाल्या.

पहिल्या परीक्षेत काय झाले?

ती परीक्षा वाईट गेली. जुलै १७८७ मध्ये लालसोटजवळ तुंगा इथे जयपूर-जोधपूरच्या फौजांशी गाठ पडली. दिवस भर पावसाळ्याचे, छावणीत धान्याची टंचाई आणि फौजेचे पगार थकलेले. राठोडांचे घोडदळ तोफांच्या माऱ्यातून आत घुसले. डी बॉयनच्या दोन पलटणींनी मात्र त्यांना थोपवून धरले. लढाई अनिर्णित राहिली, पण खरा घाव नंतर बसला. बादशाही पलटणी पगाराअभावी आपल्या तोफांसह शत्रूला जाऊन मिळाल्या. महादजींना डीगकडे मागे हटावे लागले आणि उत्तरेतली त्यांची सत्ता जवळजवळ गेली.

यातून त्यांनी काढलेला अर्थ लक्षात घेण्यासारखा आहे. तोफ कितीही चांगली असली तरी गोलंदाजाचा पगार थकला की ती शत्रूची होते. १७८८ मध्ये आग्रा आणि दिल्ली परत मिळाल्यावर त्यांनी डी बॉयनला दहा पलटणींचा कंपू उभारायला सांगितले. त्याच्या खर्चासाठी दोआबातला मुलूखच नेमून दिला. तोफखान्याच्या इतिहासात धातू आणि दारूची चर्चा खूप होते. महसुलाची फारशी होत नाही. या कंपूचा खरा पाया मात्र तोच होता.

निकाल लगेच दिसला. जून १७९० मध्ये पाटणच्या लढाईत इस्माईल बेग आणि राजपूत यांचा पराभव होऊन शंभरावर तोफा हाती आल्या. सप्टेंबरमध्ये मेडत्याकडे जाताना डी बॉयनच्या तोफा लुणी नदीच्या पात्रात रुतून बसल्या होत्या. त्या वेळी राठोडांनी झडप घातली असती तर कदाचित या लेखाचा विषयच वेगळा असता. ते थांबले. १० सप्टेंबरच्या पहाटे त्यांच्या तळावर छर्ऱ्यांचा मारा सुरू झाला. सावरलेल्या राठोड स्वारांनी पोकळ चौकोन करून उभ्या असलेल्या पलटणींवर पुन्हा पुन्हा घोडे घातले आणि ते तिथेच पडले. त्या शौर्याची दखल जिंकणाऱ्यांनीही घेतली.

हलक्या तोफांचा धोका वेगळाच होता, कारण दारूच्या गाड्याही त्यांच्याबरोबर रणात येत. १७९३ मध्ये लाखेरीच्या खिंडीत होळकरांशी लढताना एक गोळा उघड्या गाडीवर पडला आणि एकामागून एक बारा गाड्या उडाल्या. गर्द झाडी आणि अरुंद वाट यांमुळे होळकरांच्या घोडदळाला त्याचा फायदा घेता आला नाही, म्हणून कंपू वाचला.

महादजींनंतर या तोफांचे काय झाले?

महादजी जून १७९२ मध्ये पुण्यास आले होते. १२ फेब्रुवारी १७९४ रोजी वानवडीला त्यांचे निधन झाले. पुढच्या वर्षी डी बॉयनने नोकरी सोडली. तोफा शाबूत होत्या, पण त्या चालवणारी अधिकाऱ्यांची फळी परक्यांची होती. १८०३ मध्ये कंपनीशी युद्ध जुंपताच ही फळी ढासळली. इंग्रज अधिकारी सोडून गेले आणि डी बॉयनचा वारस पेरॉन इंग्रजांच्या आश्रयाला गेला. या व्यवस्थेतला हा दोष महादजींच्याच काळातला होता. त्यांनी माणसे विकत घेतली, पण त्यांच्या जागी उभे राहतील असे आपले अधिकारी घडवायला त्यांना सवड मिळाली नाही.

गोलंदाज मात्र हलले नाहीत. २३ सप्टेंबर १८०३ रोजी आजच्या जालना जिल्ह्यातील असईला त्यांनी वेलस्लीच्या तोफखान्याचे बैल आणि गोलंदाज इतके टिपले की त्याला आपल्या तोफा मागे टाकून पायदळ पुढे न्यावे लागले. तोफांवर इंग्रज चालून आले तेव्हा काही गोलंदाज मेल्याचे सोंग घेऊन गाड्यांखाली पडून राहिले. रांग पुढे गेल्यावर ते उठले आणि त्याच तोफा फिरवून त्यांनी मागून मारा केला. सुमारे साडेचार हजारांच्या इंग्रज फौजेतले दीड हजारांवर लोक त्या दिवशी मेले किंवा जखमी झाले. इंग्रजांना ९८ तोफा मिळाल्या.

त्याच महिन्यात दिल्लीजवळ पकडलेल्या तोफांची कंपनीच्या अधिकाऱ्यांनी बारकाईने तपासणी केली. हिंदुस्थानातच ओतलेल्या काही पितळी नळ्यांच्या आत लोखंडाची नळी बसवलेली होती, आणि दोन धातूंचा सांधा इतका नेमका होता की तो डोळ्यांना जेमतेम दिसत असे. नेम उंचावण्यासाठी स्क्रूही होते. असईच्या तोफांपैकी ज्या चांगल्या वाटल्या, त्या वेलस्लीने आपल्या फौजेत वापरायला घेतल्या.