आपल्या लेकरापलीकडे पाहणारी माता : श्रीमती फातिमा इस्माईल



भोर तालुक्यात वेळवंडी नदीवर बांधलेले भाटघर धरण १९२८ साली पूर्ण झाले. त्याच्या जलाशयाकाठच्या वाड्यावस्त्यांतील मुलांना डोंगरवाटा तुडवतच शाळा गाठावी लागते. ज्या लेकराचे पाय अधू आहेत, हातही साथ देत नाहीत, त्याने काय करावे? शाळेचे दार उघडे असले, तरी त्याला तेथवर नेणार कोण? मुंबईतील एका मातेसमोर सुमारे आठ दशकांपूर्वी असाच प्रश्न उभा ठाकला होता. त्या मातेचे, श्रीमती फातिमा इस्माईल यांचे, स्मरण आम्ही आज करीत आहोत.

फातिमाबाईंचा जन्म १९०३ साली मुंबईतील एका प्रतिष्ठित मुस्लिम व्यापारी घराण्यात झाला. गांधीजींच्या चळवळीस मुक्तहस्ते साहाय्य करणारे उद्योगपती उमर सोबानी हे त्यांचे बंधू. घरात देशसेवेचे वारे होते. मात्र त्यांच्या आयुष्यास खरे वळण मिळाले ते १९४५ साली. त्यांच्या तीन वर्षांच्या कन्येला पोलिओ झाला. त्या काळी या रोगावर लस नव्हती, डॉ. साल्क यांची लस १९५५ साली आली. अधू झालेल्या मुलांसाठी देशात उपचारांची सोयही नगण्य होती. फातिमाबाई मुलीला घेऊन मद्रासला अस्थिरोगतज्ज्ञ डॉ. कीनी यांच्याकडे गेल्या. कित्येक महिन्यांच्या उपचारांनंतर मुलीच्या प्रकृतीस उतार पडू लागला.

येथेच त्यांची कहाणी संपली असती, तर कोणी त्यांना दोष दिला नसता. परंतु त्यांच्या मनाला एक गोष्ट सलत राहिली. आपल्याजवळ साधने होती म्हणून आपण मद्रास गाठू शकलो. ज्या मातांजवळ गाडीभाड्याचेही पैसे नाहीत, त्यांच्या लेकरांचे काय? या तळमळीतून १९४७ साली, देश स्वतंत्र होत असतानाच, मुंबईत चौपाटी परिसरात एक लहानसा दवाखाना सुरू झाला आणि अपंग बालकांच्या पुनर्वसनासाठी संस्था स्थापन झाली. पुढे हाजी अली येथे मुलांचे अस्थिव्यंग रुग्णालय उभे राहिले.

पोलिओचे उपचार म्हणजे चार दिवसांचे औषध नव्हे. शेक, मालीश, व्यायाम, कॅलिपर, कधी शस्त्रक्रिया, असा तो महिनोन्महिन्यांचा क्रम असे. तेवढ्या काळात मुलाची पाटी कोरी राहिली, तर पाय सुधारूनही तो मागेच राहणार. म्हणून उपचारांच्या जोडीला शिक्षण, आणि पुढे स्वतःच्या पायावर उभे राहण्यासाठी हाताला काम, असा पुनर्वसनाचा व्यापक अर्थ फातिमाबाईंनी जाणला. शासनाने १९५८ साली त्यांना पद्मश्री देऊन गौरविले. १९७८ साली राज्यसभेवर त्यांची नियुक्ती झाली. १९८७ साली त्यांची जीवनयात्रा संपली.

आज चित्र पालटले आहे. भारतातील पोलिओचा शेवटचा नैसर्गिक रुग्ण जानेवारी २०११ मध्ये आढळला आणि मार्च २०१४ मध्ये देश पोलिओमुक्त घोषित झाला. तथापि मेंदूचा पक्षाघात, स्नायूंचा क्षय आणि तीव्र बहुविकलांगता यांनी ग्रासलेली बालके आजही जन्म घेतात. २०१६ च्या कायद्याने त्यांना सहा ते अठरा वर्षांपर्यंत, जवळच्या किंवा विशेष शाळेत, मोफत शिक्षणाचा हक्क दिला आहे. तीव्र अपंगत्व असलेल्या बालकांना घरी राहून शिकण्याचा पर्यायही शिक्षणहक्क कायद्यात आहे. तरीही कित्येक मुले लोकलज्जेपायी घराच्या आतल्या खोलीतच वाढतात, हे आम्हास खेदाने नमूद करावे लागते.

भाटघरच्या काठी असो वा आपल्या धर्मग्रामात, असे एखादे लेकरू आपल्या शेजारच्या घरात असेल. त्याचे नाव आपणांस ठाऊक आहे काय? नसेल, तर ते विचारण्यापासून आपण आरंभ करू या. फातिमाबाईंनीही आरंभ केला तो एका लेकरापासूनच. पण त्या तेथे थांबल्या नाहीत.