हेंड्रिक्सचा ड्रमर मनुक्यांचा आवाज कसा झाला?

१९८६ सालची गोष्ट. अमेरिकेत टीव्हीवर एक जाहिरात लागायची. मातीचे बनवलेले मनुके. त्यांना हातपाय फुटलेले, हातात पांढरे हातमोजे, काहींच्या डोळ्यांवर गॉगल. हे मनुके ओळीने नाचायचे आणि मार्विन गेने गाजवलेलं एक जुनं गाणं म्हणायचे. कॅलिफोर्नियाच्या मनुका उत्पादकांची ही जाहिरात लोकांनी डोक्यावर घेतली. मनुक्यांच्या बाहुल्या, टीशर्ट, अगदी गाण्यांच्या कॅसेटसुद्धा खपल्या.

त्यातल्या मुख्य मनुक्याला आवाज देणारा माणूस म्हणजे बडी माईल्स. सोळा वर्षांपूर्वी हाच माणूस जिमी हेंड्रिक्सच्या मागे बसून ड्रम वाजवत होता. आणि मधली काही वर्षं तुरुंगात होता.

बडीचा जन्म ५ सप्टेंबर १९४७ चा, नेब्रास्का राज्यातल्या ओमाहा शहरातला. खरं नाव जॉर्ज. जॅझचा बादशहा ड्रमर बडी रिच याच्यावरून त्याचं नाव बडी पडलं. वडील बेस वाजवायचे, त्यांचा स्वतःचा बँड होता. बारा वर्षांचा असताना पोरगं वडिलांच्या बँडमध्ये ड्रमवर बसलं. पुढे तो सोल गायक विल्सन पिकेटसोबत वाजवू लागला.

१९६७ मध्ये गिटारिस्ट माईक ब्लूमफिल्डने त्याला आपल्या 'इलेक्ट्रिक फ्लॅग' बँडमध्ये घेतलं. मॉन्टेरेच्या ज्या महोत्सवात हेंड्रिक्सने गिटार पेटवली, त्याच महोत्सवात हा बँडही वाजला. नंतर बडीने 'बडी माईल्स एक्सप्रेस' हा स्वतःचा बँड काढला, त्याच्या काही गाण्यांचा निर्माता खुद्द हेंड्रिक्स होता.

आता हेंड्रिक्सच्या अडचणीकडे येऊ. १९६५ मध्ये, खिशात दमडी नसताना, त्याने एका कंपनीशी एक डॉलर आणि एक टक्का रॉयल्टीवर करार केला होता. तो नंतर स्टार झाला आणि कंपनी कोर्टात गेली. तोडगा निघाला की पुढचा एक अल्बम कॅपिटल कंपनीला द्यायचा. हेंड्रिक्सने त्यासाठी लष्करातला जुना मित्र बिली कॉक्स आणि बडी माईल्स यांना सोबत घेतलं. बँडचं नाव 'बँड ऑफ जिप्सीज'. तिघेही कृष्णवर्णीय. रॉकच्या त्या वेळच्या जगात हे नेहमीचं दृश्य नव्हतं.

३१ डिसेंबर १९६९ आणि १ जानेवारी १९७०. न्यूयॉर्कच्या फिलमोर ईस्टमध्ये दोन रात्रींत चार शो झाले. हेंड्रिक्सचा आधीचा ड्रमर मिच मिचेल जॅझच्या अंगाने वाजवायचा, सतत काहीतरी नवीन भरायचा. बडीचं उलटं. एक जड, ठाम ठेका धरायचा आणि सोडायचा नाही. फंकचं गमक तेच, ठेका हलला नाही तर वरचा माणूस हवा तिथे जाऊ शकतो. 'मशीन गन' हे व्हिएतनाम युद्धाच्या सावलीतलं बारा मिनिटांचं गाणं ऐका. त्यातला बंदुकीचा तडतडाट बडीच्या ड्रमवरून येतो. मार्चमध्ये आलेल्या अल्बममधल्या सहापैकी दोन गाणी बडीची होती.

पण २८ जानेवारीलाच खेळ आटोपला होता. मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये हेंड्रिक्सची अवस्था इतकी वाईट होती की दोन गाण्यांत कार्यक्रम थांबला. मॅनेजरने बडीला काढून टाकलं. मॅनेजरला पूर्ण कृष्णवर्णीय बँड नकोच होता, असा बडीचा आरोप होता. त्याच सप्टेंबरमध्ये हेंड्रिक्स वारला. वय २७.

बडी थांबला नाही. 'देम चेंजेस' त्याचं स्वतःचं गाणं म्हणून गाजलं, १९७२ ला हवाईतल्या एका ज्वालामुखीच्या विवरात कार्लोस सँटानासोबत लाईव्ह अल्बम झाला. मग ड्रग्स, पैशांची चणचण आणि चोरीचे गुन्हे. चिनो आणि सॅन क्वेंटिन या कॅलिफोर्नियातल्या तुरुंगांत त्याने शिक्षा भोगली. तिथेही त्याने कैद्यांचे बँड जमवले.

सुटून आल्यावर हाती लागले ते मनुके. रूढ अर्थाने तो नट नव्हता, कॅमेऱ्यासमोर त्याचा चेहराही नव्हता. पण सुरकुतलेल्या एका मातीच्या गोळ्याला तोरा आला तो त्याच्या गळ्यामुळे. मनुक्यांचे अल्बम काढले प्रायॉरिटी रेकॉर्ड्स या छोट्या कंपनीने, आणि त्यात तिने बक्कळ कमावलं. याच कंपनीने १९८८ मध्ये एन.डब्ल्यू.ए.चा 'स्ट्रेट आउटा कॉम्प्टन' बाजारात आणला. म्हणजे गँगस्टा रॅपच्या भांडवलात थोडा वाटा मनुक्यांचाही धरायला हवा.

१९८७ मध्ये सँटानाने त्याला 'फ्रीडम' अल्बमसाठी परत बोलावलं, यावेळी मुख्य गायक म्हणून. २६ फेब्रुवारी २००८ रोजी टेक्सासमधल्या ऑस्टिनला हृदयविकाराने बडी माईल्स गेला. वय ६०. त्याच्या निधनाच्या बातम्यांमध्ये हेंड्रिक्स आणि मनुके शेजारी शेजारी छापून आले होते.