धर्मोपदेशकाचा उलटा प्रवास

ओडिशाच्या दक्षिणेकडील डोंगराळ मुलखात सौरा नावाची आदिवासी जमात राहते. या जमातीत कोणी आजारी पडले वा कोणाचा मृत्यू झाला, की 'कुरनबोई'ला बोलावणे जाते. कुरनबोई म्हणजे मृतांच्या जगाशी बोलू शकणारी स्त्री. घराच्या भिंतीवर पांढऱ्या रंगात माणसे, घोडे, हत्ती, सूर्य-चंद्र रेखाटलेले असतात. ते चित्र म्हणजे आत्म्याला काही काळ उतरण्यासाठी बांधून दिलेले घरच. त्यासमोर दिवा लावून कुरनबोई बसते आणि सुपातले तांदूळ हाताने घोळू लागते. हळूहळू तिचे भान हरपते आणि तिच्या मुखातून मृत माणसे बोलू लागतात. नातेवाईक त्यांच्याशी भांडतात, रडतात, त्यांच्या तक्रारी ऐकतात. आजार कोणत्या आत्म्याच्या रोषामुळे आला व त्याला काय हवे आहे, हे या संवादातून उलगडते.

या विधींची अत्यंत तपशीलवार नोंद ज्याने केली, तो एकेकाळचा ख्रिस्ती धर्मोपदेशक होता, आणि भारतातील त्याच्या कार्याचा आरंभ पुण्यात झाला होता. त्याचे नाव व्हेरियर एल्विन.

एल्विन यांचा जन्म २९ ऑगस्ट १९०२ रोजी इंग्लंडमधील डोव्हर येथे झाला. वडील पश्चिम आफ्रिकेतील सिएरा लिओनचे बिशप होते. व्हेरियर सात वर्षांचे असतानाच त्यांचे निधन झाले. ऑक्सफर्डच्या मर्टन महाविद्यालयात इंग्रजी साहित्य आणि धर्मशास्त्र या दोन्ही विषयांत एल्विन यांनी उत्तम यश मिळवले. चर्चमध्ये उच्चपदाची वाट मोकळी असताना १९२७ मध्ये ते भारतात आले आणि पुण्यातील ख्रिस्त सेवा संघात दाखल झाले. जॅक विन्स्लो यांनी स्थापन केलेल्या या संघात भारतीय राहणी स्वीकारून ख्रिस्ती साधना करण्याचा प्रयत्न चालू होता. येथेच त्यांना शामराव हिवाळे हा मराठी मित्र लाभला.

दरम्यान गांधीजींच्या सहवासाने एल्विन झपाट्याने स्वातंत्र्य चळवळीकडे ओढले गेले. ४ जानेवारी १९३२ च्या पहाटे मुंबईच्या मणिभवनात गांधीजींना अटक झाली, तेव्हा एल्विन आणि शामराव तेथेच मुक्कामाला होते. त्याच महिन्यात दोघे मित्र मध्य प्रांतातील मंडला जिल्ह्यात, मैकल पर्वतरांगेतील करंजिया या गोंडांच्या खेड्यात जाऊन राहिले. तेथे त्यांनी शाळा काढली, दवाखाना चालवला, कुष्ठरोग्यांची शुश्रूषा केली. मात्र धर्मप्रसार करण्यास एल्विन यांनी नकार दिला. त्यामुळे नागपूरच्या बिशपांशी त्यांचा संघर्ष झाला आणि १९३५ मध्ये त्यांनी चर्चशी नाते तोडले. शिकवायला आलेला धर्मोपदेशक आता शिकू लागला होता.

या नव्या शिक्षणातील पहिले गुरू होते बैगा. जमिनीवर नांगर चालवणे म्हणजे धरतीमातेची छाती फाडणे, अशी बैगांची श्रद्धा. म्हणून ते जंगल तोडून, जाळून, राखेत बी पेरण्याची 'बेवर' शेती करत. वाघाला गावाच्या सीमेबाहेर रोखणारा, भूमीला शांत करणारा बैगा मांत्रिक शेजारच्या गोंडांनाही आदरणीय होता. ब्रिटिश वनखात्याने बेवरवर बंदी घातली आणि बैगांना एका मर्यादित क्षेत्रात कोंडले. एल्विन यांच्या लक्षात आले की, ही केवळ उपजीविकेवरील कुऱ्हाड नव्हती. शेतीची पद्धत गेली, की तिच्याभोवतीचे मंत्र निरर्थक होतात आणि मांत्रिकाचा आत्मविश्वासही खचतो. 'द बैगा' हा त्यांचा ग्रंथ १९३९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यापाठोपाठ अगरिया या लोखंड गाळणाऱ्या जमातीवर आणि बस्तरच्या मुरियांच्या घोटुलावर त्यांनी ग्रंथ लिहिले.

१९४० च्या दशकात ते सौरांच्या डोंगरात वारंवार जाऊ लागले. या भ्रमंतीचे फलित म्हणजे १९५५ साली प्रसिद्ध झालेला 'द रिलिजन ऑफ अ‍ॅन इंडियन ट्राइब' हा ग्रंथ. कुरनबोई कशी घडते, याचे त्यातील वर्णन विलक्षण आहे. मुलगी वयात येत असताना तिच्या स्वप्नात पाताळातील एक तरुण येतो आणि लग्नाची मागणी घालतो. ती नकार देते. मग ती आजारी पडते, वेड्यासारखी रानोमाळ भटकते. अखेर घरचे लोक होकार देतात आणि विधिपूर्वक तिचे त्या अदृश्य वराशी लग्न लावतात. त्यानंतर ती बरी होते आणि इतरांना बरे करण्याची शक्ती तिला लाभते. पाताळातील पतीपासून तिला मूल होते, रात्री तो ते दूध पाजण्यासाठी तिच्याकडे घेऊन येतो, असे मानले जाते. या जगातील पुरुषाशीही ती संसार करते. दोन्ही घरे सांभाळणे हा तिचा धर्मच.

'शमन' हा शब्द मूळचा सायबेरियातील तुंगुस लोकांचा. तेथील आमूर नदीच्या खोऱ्यातल्या गोल्डी जमातीतही शमनाला आत्म्याच्या रूपातील पत्नी असते, असे रशियन अभ्यासक लेव्ह श्टर्नबर्ग यांनी नोंदवले होते. हजारो मैलांच्या अंतरावरील दोन समाजांत आजारपण, नकार, अदृश्य विवाह आणि त्यातून मिळणारे सामर्थ्य अशी सारखीच साखळी दिसावी, ही जगभरच्या अभ्यासकांना चकित करणारी बाब होती. मिर्चा एलियादे यांनी शमनविद्येवरील आपल्या प्रसिद्ध ग्रंथाच्या १९६४ च्या इंग्रजी आवृत्तीत एल्विन यांच्या नोंदींचा आधार घेतला. एल्विन यांना मात्र या साम्याहून अधिक मोलाची वाटली ती कुरनबोईची माणुसकी. रुग्णाच्या उशाशी बसणारी, दुःखितांना धीर देणारी ही स्त्री म्हणजे त्यांच्या लेखी गावाची परिचारिकाच होती.

अशा एल्विन यांच्यावर टीकाही पुष्कळ झाली. बैगांसाठी संरक्षित क्षेत्र राखण्याची त्यांची सूचना म्हणजे आदिवासींना संग्रहालयात ठेवण्याचा डाव आहे, असा आरोप झाला. मुंबई विद्यापीठातील समाजशास्त्रज्ञ डॉ. गो. स. घुर्ये यांनी १९४३ च्या आपल्या ग्रंथात त्यांची भूमिका खोडून काढली. आदिवासी हे मागे पडलेले हिंदूच असून त्यांना वेगळे ठेवण्यात त्यांचे हित नाही, असे घुर्ये यांचे मत होते.

वैयक्तिक आयुष्यात तर एल्विन यांना आपल्याच तत्त्वांची कसोटी पेलता आली नाही. १९४० मध्ये त्यांनी कोसी या राजगोंड मुलीशी गोंड पद्धतीने विवाह केला. ती त्यांच्याच शाळेतील विद्यार्थिनी होती आणि वयाने त्यांच्याहून खूपच लहान होती. १९४९ मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयात एकतर्फी घटस्फोट होऊन हे नाते संपले. आत्मचरित्रात एल्विन यांनी या सहजीवनाविषयी जवळजवळ मौनच पाळले. आदिवासींच्या जीवनाचे हजारो पानांतून वर्णन करणाऱ्या लेखकाचे हे मौन त्याच्या चरित्रातील सर्वांत बोचरे पान ठरते. कोसी २०१० पर्यंत हयात होत्या.

१९५३ मध्ये एल्विन यांनी पाटनगढच्या लीला यांच्याशी विवाह केला, १९५४ मध्ये भारतीय नागरिकत्व स्वीकारले आणि त्याच वर्षी ईशान्य सीमा प्रदेशाच्या, म्हणजे आजच्या अरुणाचल प्रदेशाच्या प्रशासनाचे आदिवासीविषयक सल्लागार म्हणून शिलाँगला मुक्काम हलवला. विकास आदिवासींच्या स्वतःच्या प्रकृतीनुसार व्हावा, तो वरून लादू नये, हा विचार त्यांनी 'अ फिलॉसॉफी फॉर नेफा' या पुस्तकात मांडला. पंडित नेहरूंनी त्याला पाठबळ दिले. १९६१ मध्ये त्यांना पद्मभूषण किताब मिळाला. २२ फेब्रुवारी १९६४ रोजी दिल्लीत हृदयविकाराने त्यांचे निधन झाले. अखेरच्या काळात त्यांचा ओढा बौद्ध धर्माकडे होता. मृत्यूनंतर प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या आत्मचरित्राला साहित्य अकादमी पुरस्कार लाभला.

एल्विन यांनी पाहिलेले सौरांचे जग आज फार बदलले आहे. १९७० च्या दशकापासून सौरांचा अभ्यास करणारे पियर्स विटेब्स्की यांनी २०१७ च्या आपल्या पुस्तकात नोंदवले की, नवी पिढी मोठ्या संख्येने बाप्टिस्ट ख्रिस्ती झाली असून मृतांशी बोलण्याची प्रथा ओसरत चालली आहे. कुरनबोईच्या विधीतील भित्तिचित्रे कागदावर आणि कापडावर उतरून बाजारात आली आहेत. २०२४ मध्ये लांजिया सौरा चित्रकलेला भौगोलिक मानांकनही मिळाले. चित्र टिकले, पण त्या घरात उतरणारे आत्मे आता क्वचितच येतात. पूर्वज कसे बोलत होते, हे उद्या एखाद्या सौरा तरुणाला जाणून घ्यावेसे वाटले, तर त्याला एका माजी धर्मोपदेशकाचा जाडजूड ग्रंथ उघडावा लागेल. ज्या धर्माची वस्त्रे एल्विन यांनी उतरवून ठेवली, तोच धर्म अखेर त्या डोंगरात पोहोचला. त्यापूर्वीच्या जगाची साक्ष मात्र त्यांनीच जपून ठेवली आहे.