आबे फारिया आणि आमचे देवऋषी

घरात कोणाच्या अंगात वारे आले की प्रथम देवऋषी, आणि त्याचे सर्व उपाय थकले की मग डॉक्टर, हा क्रम आमच्या समाजातून अद्याप समूळ गेलेला नाही. तो जावा असे ज्यांस वाटते, त्यांनी आबे फारिया या गोमंतकीय पुरुषाचे चरित्र अवश्य मनात आणावे.

जोझे कुस्तोदियो द फारिया यांचा जन्म १७५६ साली बारदेशातील कांदोळी गावी झाला. पंधराव्या वर्षी ते वडिलांबरोबर पोर्तुगालास गेले. रोम येथे धर्मशास्त्राचे अध्ययन करून १७८० मध्ये पाद्री झाले. १७८७ साली गोव्यात पिंटोंचा कट उघडकीस आला व फारिया पितापुत्रांवरही संशयाची छाया पडली. पुढील वर्षी पुत्राने फ्रान्सची वाट धरली.

त्या काळी मेस्मर नामक वैद्याचा पंथ तेथे बोकाळला होता. वैद्याच्या देहातून एक अदृश्य प्रवाह निघून रोग्यास निद्रा आणतो, असे त्या पंथाचे मत. फारियांनी १८१३ पासून पॅरिसमध्ये जाहीर व्याख्याने व प्रयोग करून याच्या उलट प्रतिपादिले. निद्रेचे कारण निद्रा आणणाराच्या ठायी नसून निद्रिस्ताच्याच मनात आहे. प्रयोगकर्त्यापाशी कोणतेही अद्भुत सामर्थ्य नाही, हा त्यांचा सिद्धांत. रक्ताच्या पातळपणाविषयीची त्यांची उपपत्ती पुढे टिकली नाही. परंतु मूळ सिद्धांत टिकला. हयातीत मात्र त्यांच्या वाट्यास उपहासच आला. रंगभूमीवर त्यांची टवाळी झाली, श्रोते पांगले, आणि १८१९ मध्ये, ज्या वर्षी त्यांचा ग्रंथ छापून निघाला त्याच वर्षी, त्यांचे देहावसान झाले.

पुढे नान्सी येथील लिएबो व बर्नहाइम यांनी सूचनेच्या सामर्थ्याचा हाच विचार वाढविला. मज्जाविकारशास्त्राचे आद्य आचार्य शार्को हे मोहनिद्रेस उन्मादाचे लक्षण मानीत. त्या वादात जय अखेर नान्सीच्या पक्षाचा झाला. पणजीस १९४५ साली फारियांचा पुतळा उभा राहिला. पण पुतळा उभारल्याने विचाराचे ऋण फिटते काय?

मांत्रिकापुढे घुमणारी स्त्री त्याच्या शक्तीने घुमत नाही. तिचे दुःख व तिची श्रद्धाच तिला घुमविते. मग त्या दुःखावर छडी व धुरी हा उपाय कसा होईल? भूत उतरविण्याच्या मिषाने मारहाण करणे महाराष्ट्रात २०१३ च्या कायद्याने अपराध ठरले आहे. पण कायदा मांत्रिकाचा हात धरील. रोग्यास त्याच्या दारी नेणारे पाऊल आप्तांनीच आवरले पाहिजे. हिंगण्याच्या ज्या माळावर अण्णासाहेब कर्व्यांनी विधवांच्या शिक्षणाचे रोप लावले, त्याच भूमीवर वसलेल्या कर्वेनगरच्या गृहस्थांनी व व्यापाऱ्यांनी तरी आपल्या लेकीसुनांस, आणि दुकानातील गड्यास, अशा वेळी आधी मनोविकारतज्ज्ञाकडे न्यावे. यात लाज कसली? लाज वाटावी ती विलंबाची.