गिल हॉजेस : चुरशीच्या शर्यतीतला संयमी सेनानी

अमेरिकेतील व्यावसायिक बेसबॉलच्या इतिहासात १९६९ च्या हंगामाचे स्थान वेगळे आहे. सात वर्षे पराभवाच्या खाईत पिचत पडलेल्या न्यूयॉर्क मेट्स या संघाने त्या वर्षी ऑगस्टच्या मध्यापासून सुमारे दहा सामन्यांची पिछाडी भरून काढली आणि शिकागो कब्ज या बलाढ्य संघाला मागे टाकून विभागाचे विजेतेपद पटकावले. या यशाचे शिल्पकार होते संघाचे मॅनेजर गिल हॉजेस. २४ सप्टेंबर १९६८ रोजी अटलांटा येथे सामना सुरू असतानाच त्यांना हृदयविकाराचा झटका आला होता. त्यानंतर बरोबर एक वर्षाने, २४ सप्टेंबर १९६९ रोजी, त्यांच्या संघाने विभागीय विजेतेपदावर शिक्कामोर्तब केले.

मेट्सच्या या विजयाला अमेरिकेत चमत्कार म्हटले गेले. हॉजेस यांचे आयुष्य पाहिले तर मात्र या चमत्कारामागे वीस वर्षांचा अनुभव उभा असल्याचे दिसते.

खाणकामगाराचा मुलगा

गिल हॉजेस यांचा जन्म ४ एप्रिल १९२४ रोजी इंडियाना राज्यातील प्रिन्स्टन या गावी झाला. त्यांचे बालपण त्याच राज्यातील पीटर्सबर्ग येथे गेले. वडील कोळशाच्या खाणीत काम करीत. १९४३ मध्ये न्यूयॉर्कमधील ब्रुकलिन डॉजर्स संघाने हॉजेस यांना करारबद्ध केले. त्या हंगामात त्यांच्या वाट्याला अवघा एक सामना आला. दुसरे महायुद्ध ऐन भरात होते. हॉजेस नौसैनिक दलात, म्हणजे मरीन कोअरमध्ये दाखल झाले. पॅसिफिक महासागरातील टिनियन आणि ओकिनावा या बेटांवर विमानविरोधी तुकडीत त्यांनी सेवा बजावली आणि ब्राँझ स्टार हे शौर्यपदक मिळवले. मैदानावर कोणत्याही प्रसंगी न ढळणारा त्यांचा तोल पुढे सर्वांच्या परिचयाचा झाला. युद्धातील दिवसांविषयी मात्र ते फारसे बोलत नसत.

युद्धानंतर ते डॉजर्समध्ये परतले ते कॅचर म्हणून. कॅचरचे काम क्रिकेटमधील यष्टिरक्षकासारखे असते. १९४८ मध्ये रॉय कॅम्पानेला हे असामान्य कॅचर संघात आले, तेव्हा मॅनेजर लिओ ड्युरोशर यांनी हॉजेस यांना पहिल्या बेसवर क्षेत्ररक्षणासाठी उभे केले. हीच त्यांची कायमची जागा ठरली. वर्णभेदाची भिंत ओलांडून १९४७ मध्ये संघात आलेले जॅकी रॉबिन्सन आता दुसऱ्या बेसवर, त्यांच्या शेजारी खेळू लागले. ज्या ड्युरोशर यांनी हॉजेस यांना त्यांची जागा मिळवून दिली, त्यांच्याशीच पुढे दोनदा हॉजेस यांचा निर्णायक सामना व्हायचा होता.

शर्यतीचे धडे

बेसबॉलचा हंगाम म्हणजे दीर्घ पल्ल्याची शर्यत असते. त्या काळी प्रत्येक संघ १५४ सामने खेळत असे आणि सर्वाधिक विजय मिळवणारा संघ लीगचे विजेतेपद मिळवी. दोन संघांमधील अंतर सामन्यांत मोजले जाते. आघाडीचा संघ हरला आणि मागचा संघ जिंकला, की एका सामन्याचे अंतर कमी होते. त्यामुळे दहा सामन्यांची आघाडी भक्कम वाटली, तरी दोन-तीन वाईट आठवड्यांत ती वितळू शकते.

हे सत्य हॉजेस यांनी लागोपाठ तीन हंगाम अनुभवले. १९४९ मध्ये डॉजर्सने शेवटच्या दिवशी, केवळ एका सामन्याच्या फरकाने विजेतेपद मिळवले. १९५० मध्ये फिलाडेल्फिया फिलीजविरुद्धचा अखेरचा सामना अतिरिक्त डावात गमावल्याने ते हुकले. १९५१ चा घाव तर सर्वांत खोल होता. ११ ऑगस्ट रोजी डॉजर्सची न्यूयॉर्क जायंट्सवरील आघाडी १३ सामन्यांहून अधिक होती. जायंट्सने ती संपूर्ण भरून काढली. बरोबरीनंतर तीन सामन्यांची निर्णायक मालिका झाली आणि ३ ऑक्टोबर रोजी तिसऱ्या सामन्याच्या शेवटच्या डावात बॉबी थॉमसन यांनी चेंडू प्रेक्षकांत भिरकावून तीन धावा वसूल केल्या. जायंट्स ५-४ असे जिंकले. त्या हंगामात ४० होम रन फटकावणारे हॉजेस त्या क्षणी पहिल्या बेसवर उभे होते. जायंट्सचे मॅनेजर होते लिओ ड्युरोशर.

खेळाडू म्हणून हॉजेस यांची कारकीर्द देदीप्यमान होती. ३१ ऑगस्ट १९५० रोजी त्यांनी एकाच सामन्यात चार होम रन मारले. १९४९ पासून सलग सात हंगाम त्यांच्या फटक्यांवर संघाला शंभराहून अधिक धावा मिळाल्या. तरीही त्यांच्या लोकप्रियतेची खरी खूण दिसली ती अपयशाच्या काळात. १९५२ च्या वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे दोन लीगच्या विजेत्यांमधील अंतिम मालिकेत, २१ प्रयत्नांत त्यांना एकही यशस्वी फटका मारता आला नाही. पुढच्या वसंतातही हे दुर्दैव सरले नाही. ब्रुकलिनकरांनी मात्र त्यांची हुर्यो उडवली नाही. लोक पत्रे पाठवू लागले. ब्रुकलिनमधील एका चर्चच्या धर्मगुरूंनी तर उकाड्यामुळे प्रवचन रद्द करताना भाविकांना घरी जाऊन हॉजेससाठी प्रार्थना करण्यास सांगितले. त्या हंगामाअखेर त्यांच्या नावावर ३१ होम रन होते.

१९५५ मध्ये ब्रुकलिनने आपली पहिली आणि एकमेव वर्ल्ड सिरीज जिंकली. सातव्या सामन्यातील २-० या विजयातील दोन्ही धावा हॉजेस यांच्या फलंदाजीतून आल्या आणि अखेरचा बळीही त्यांच्याच हातमोज्यात विसावला. १९५७ च्या हंगामानंतर संघ लॉस एंजेलिसला गेला. हॉजेसही संघासोबत गेले, पण ब्रुकलिनमधील घर त्यांनी सोडले नाही. १९५९ मध्ये मिलवॉकी ब्रेव्हजशी बरोबरी झाल्यावर खेळवल्या गेलेल्या निर्णायक लढतीतील विजयी धाव त्यांनीच पूर्ण केली. अटीतटीच्या शर्यतीच्या दोन्ही बाजू आता त्यांनी पाहिल्या होत्या.

पराभूतांचा संघ

१९६२ मध्ये न्यूयॉर्क मेट्स हा नवा संघ स्थापन झाला. कारकिर्दीच्या उतरणीला लागलेले हॉजेस या संघात दाखल झाले आणि मेट्सच्या इतिहासातील पहिला होम रन त्यांनी नोंदवला. बाकी तो हंगाम म्हणजे हसे होते. मेट्सने ४० सामने जिंकले आणि १२० गमावले.

१९६३ मध्ये हॉजेस यांनी खेळ थांबवला आणि वॉशिंग्टन सेनेटर्स या दुर्बळ संघाचे मॅनेजरपद स्वीकारले. बेसबॉलमधील मॅनेजर म्हणजे क्रिकेटमधील कर्णधार आणि प्रशिक्षक यांचा संगम असतो. कोण खेळणार, कोणत्या क्षणी कोणाला बदलायचे, हे सर्व तोच ठरवतो. वॉशिंग्टनमध्ये मोठे खेळाडू नव्हते. तरीही हॉजेस यांच्या कारकिर्दीत संघाच्या विजयांची संख्या दरवर्षी वाढत गेली. हे हेरून मेट्सने १ लाख डॉलर आणि एक खेळाडू देऊन १९६८ च्या हंगामासाठी त्यांना परत आणले.

आदल्या वर्षी ६१ सामने जिंकणाऱ्या मेट्सने १९६८ मध्ये ७३ सामने जिंकले. हंगाम संपण्यास काही दिवस उरले असताना हॉजेस यांना हृदयविकाराचा झटका आला. ४४ वर्षांचा हा मॅनेजर पुन्हा मैदानावर दिसेल की नाही, याची शंका होती. पुढच्या वसंतातील सराव शिबिरात ते हजर झाले.

दहा सामन्यांची दरी

१९६९ मध्ये बेसबॉलची रचना बदलली. संघांची संख्या २४ झाली आणि प्रत्येक लीगचे दोन विभाग पाडण्यात आले. मेट्सच्या विभागात शिकागो कब्जचे पारडे जड होते. त्यांचे मॅनेजर होते लिओ ड्युरोशर. अठरा वर्षांनी जुनी जोडी पुन्हा समोरासमोर आली होती.

टॉम सीव्हर आणि जेरी कूस्मन हे मेट्सचे तरुण पिचर उत्तम होते, पण फलंदाजी बेताची होती. हॉजेस यांनी यावर योजलेला उपाय जोड्यांचा होता. डावखुऱ्या पिचरसमोर उजव्या हाताचा फलंदाज आणि उजव्या पिचरसमोर डावखुरा फलंदाज सहसा अधिक यशस्वी ठरतो. त्यामुळे पहिला बेस, तिसरा बेस आणि उजवे क्षेत्र या जागांसाठी त्यांनी दोन-दोन खेळाडू ठेवले आणि समोरच्या पिचरनुसार त्यांची अदलाबदल केली. १५ जून रोजी माँट्रियलकडून आलेले डॉन क्लेंडेनन हे याच योजनेचा भाग होते. या पद्धतीने राखीव खेळाडूंनाही आपण संघाचे आहोत, ही जाणीव राहिली आणि कोणी थकलेही नाही. ड्युरोशर यांचा मार्ग याच्या उलट होता. त्यांची ठरलेली फळी जवळपास रोज मैदानात उतरे. ३८ वर्षांचे अर्नी बँक्स त्या हंगामात १५५ सामने खेळले. शिकागोच्या रिग्ली फील्ड मैदानावर तेव्हा दिवे नव्हते. त्यामुळे घरचे सर्व सामने भर उन्हाळ्यात दिवसा होत.

मेट्सची वाट सरळ नव्हती. ३० जुलै रोजी ह्यूस्टन अॅस्ट्रोजविरुद्ध एकाच दिवशी दोन सामने होते. पहिला मेट्सने १६-३ असा गमावला. दुसऱ्यातही धावांचा वर्षाव सुरू असताना डाव्या क्षेत्रातील क्लिऑन जोन्स यांनी एका चेंडूमागे पुरेशी धाव घेतली नाही, असे हॉजेस यांना वाटले. ते मैदानात आले, पिचरला ओलांडून सावकाश थेट डाव्या क्षेत्रापर्यंत चालत गेले, काही क्षण जोन्स यांच्याशी बोलले आणि त्यांना घेऊन परतले. पायाची दुखापत हे अधिकृत कारण सांगण्यात आले. मात्र संघातील सर्वोत्तम फलंदाजालाही सूट नाही, हा संदेश आवाज न चढवता प्रत्येकाला पोहोचला.

१३ ऑगस्ट रोजी मेट्स तिसऱ्या क्रमांकावर, सुमारे दहा सामने मागे होते. हॉजेस यांनी आपली पद्धत बदलली नाही. १९५१ मध्ये याच सुमारास याहून मोठी आघाडी हातची गेल्याचे त्यांनी आतून पाहिले होते. सॅन दिएगो पाद्रेसविरुद्ध दोन दिवसांत चार सामने झाले, ते चारही मेट्सने निसटत्या फरकाने जिंकले. उरलेल्या ४९ सामन्यांपैकी ३८ त्यांनी जिंकले.

सप्टेंबरच्या सुरुवातीला कब्जची घसरगुंडी सुरू झाली. ८ सप्टेंबर रोजी ते शे स्टेडियमवर आले, तेव्हा आघाडी अडीच सामन्यांवर आली होती. कब्जच्या पिचरने पहिला चेंडू मेट्सचे टॉमी एजी यांच्या डोक्याच्या दिशेने टाकला. कूस्मन यांनी पुढच्याच डावात रॉन सँटो यांच्या हातावर चेंडू मारून उत्तर दिले. एजी यांनी होम रन मारला आणि मेट्स ३-२ असे जिंकले. दुसऱ्या दिवशी सीव्हर यांच्या गोलंदाजीवर ७-१ असा विजय मिळाला. १० सप्टेंबर रोजी माँट्रियलविरुद्धचे दोन्ही सामने जिंकून मेट्स स्थापनेनंतर प्रथमच अग्रस्थानी पोहोचले. १२ सप्टेंबरला पिट्सबर्ग येथे त्यांनी एका दिवसात दोन्ही सामने १-० असे जिंकले आणि दोन्ही वेळा ती एकमेव धाव मेट्सच्या पिचरच्या फटक्यावर आली. तीन दिवसांनी सेंट लुईसच्या स्टीव्ह कार्लटन यांनी १९ फलंदाजांना बाद करून विक्रम केला, तरी रॉन स्वोबोडा यांच्या दोन होम रनमुळे सामना मेट्सनेच जिंकला.

२४ सप्टेंबरला सेंट लुईसवर ६-० अशी मात करून मेट्स विभागाचे विजेते ठरले. १०० विजयांसह त्यांनी कब्जला आठ सामन्यांनी मागे टाकले.

यानंतर अटलांटा ब्रेव्हजला सलग तीन सामन्यांत नमवून त्यांनी लीग जिंकली. ब्रेव्हजचे पिचर उजव्या हाताचे असल्याने या मालिकेत हॉजेस यांनी क्लेंडेनन यांना एकदाही खेळवले नाही. वर्ल्ड सिरीजमध्ये १०९ सामने जिंकणाऱ्या बाल्टिमोर ओरिओल्सचे प्रमुख पिचर डावखुरे होते. तेथे क्लेंडेनन खेळले आणि मालिकेचे सर्वोत्तम खेळाडू ठरले. १६ ऑक्टोबरच्या पाचव्या सामन्यात ०-३ अशी पिछाडी असताना जोन्स यांच्या पायाला चेंडू लागल्याचे पंचांनी मान्य केले नाही. हॉजेस शांतपणे पुढे आले आणि चेंडूवरील बुटाच्या पॉलिशचा डाग त्यांनी पंचांना दाखवला. निर्णय बदलला, जोन्स यांना पहिला बेस मिळाला आणि पाठोपाठ क्लेंडेनन यांनी होम रन मारला. मेट्स ५-३ असे जिंकून विश्वविजेते झाले.

उशिरा मिळालेला सन्मान

पुढील दोन हंगामांत मेट्सने प्रत्येकी ८३ सामने जिंकले. २ एप्रिल १९७२ रोजी, ईस्टरच्या रविवारी, फ्लोरिडातील वेस्ट पाम बीच येथे सहकारी प्रशिक्षकांसोबत गोल्फ खेळून परतताना हॉजेस कोसळले. हृदयविकाराच्या या झटक्यातून ते वाचले नाहीत. दोन दिवसांनी त्यांना ४८ वर्षे पूर्ण होणार होती.

मेट्सने त्यांचा १४ क्रमांक कायमचा राखून ठेवला. ब्रुकलिनला रॉकअवे द्वीपकल्पाशी जोडणाऱ्या पुलाला १९७८ मध्ये त्यांचे नाव देण्यात आले. बेसबॉलच्या हॉल ऑफ फेमने मात्र त्यांना दीर्घकाळ दाराबाहेर ठेवले. पत्रकारांच्या मतदानात १५ वर्षे त्यांचे नाव होते, पण आवश्यक ७५ टक्के मते कधीच मिळाली नाहीत. अखेर डिसेंबर २०२१ मध्ये १६ सदस्यांच्या समितीने नेमक्या आवश्यक तेवढ्या, म्हणजे १२ मतांनी त्यांची निवड केली. जुलै २०२२ मध्ये त्यांचा समावेश झाला, तेव्हा त्यांच्या मृत्यूला पन्नास वर्षे झाली होती. त्यांच्या पत्नी जोन तेव्हा ९५ वर्षांच्या होत्या. पतीला मिळालेला हा सन्मान पाहून त्याच वर्षीच्या सप्टेंबरमध्ये त्यांनी जगाचा निरोप घेतला.