नाव न छापता पुस्तक काढलं आणि विचारलं, माणसाला फाशी देण्याचा हक्क सरकारला दिला कुणी?

एखादा भयंकर गुन्हा घडतो. तासाभरात हॅशटॅग फिरायला लागतो, आरोपीला फाशी द्या. कमेंटमध्ये एखादा जण म्हणतो की फाशीच नको. मग त्याच्यावर सगळे तुटून पडतात. तुला गुन्हेगाराचा एवढा पुळका का, हा पहिला प्रश्न असतो.

पण फाशीविरोधात जगातलं सगळ्यात गाजलेलं पुस्तक ज्याने लिहिलं, त्याच्या मुद्द्यांमध्ये गुन्हेगाराची दया हा मुद्दा जवळपास नव्हताच. ही गोष्ट २६० वर्षांपूर्वीची आहे. माणसाचं नाव चेझारे बेक्कारिया. पुस्तक लिहिलं तेव्हा त्याचं वय होतं फक्त पंचवीस.

घरातच नजरकैद

बेक्कारियाचा जन्म १५ मार्च १७३८ ला मिलानमध्ये झाला. आज मिलान इटलीत आहे, तेव्हा तिथे ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग घराण्याचं राज्य होतं. घर सरदारांचं, त्यामुळे पैशाला कमी नव्हती. शिक्षण पार्मामधल्या जेझुइट पाद्र्यांच्या शाळेत झालं. गणितात एवढा हुशार की पोरांनी त्याचं नाव छोटा न्यूटन पाडलं होतं. पण तिथली कडक शिस्त त्याला कधीच मानवली नाही. पुढे १७५८ मध्ये पाविया विद्यापीठातून त्याने कायद्याची पदवी घेतली.

मग तो तेरेसा ब्लास्को नावाच्या मुलीच्या प्रेमात पडला. वडिलांना हे स्थळ आपल्या तोलामोलाचं वाटेना. त्या काळात बापाचा शब्द म्हणजे घरातला कायदाच. त्यांनी सरकारी हुकूम मिळवून पोराला घरातच डांबलं. तरी तो बधला नाही. थोरल्या मुलाचे हक्क सोडून त्याने १७६१ मध्ये तेरेसाशी लग्न केलं. नंतर पिएत्रो वेरी या मित्राने मध्ये पडून बाप-लेकात समेट घडवून आणला.

गुन्हा नसताना कोंडून घातलं की कसं वाटतं, हे बेक्कारियाने असं स्वतःच्याच घरात अनुभवलं होतं.

मिलानमधला तो खांब

बेक्कारिया वाढला त्या मिलान शहरात एक दगडी खांब होता. त्याचं नाव होतं कलंकस्तंभ.

१६३० मध्ये मिलानमध्ये प्लेगची साथ आली. घरांच्या भिंतींना कसलंसं मलम फासून काही लोक प्लेग पसरवतायत, अशी अफवा उठली. आरोग्य खात्याचा एक कर्मचारी आणि एक न्हावी पकडले गेले. त्यांचा इतका छळ झाला की त्यांनी न केलेला गुन्हा कबूल केला. दोघांना हालहाल करून ठार मारण्यात आलं. न्हाव्याचं घर पाडून त्या जागी, लोकांना कायम दहशत बसावी म्हणून, हा खांब उभारला.

पुढे कळून चुकलं की मलम फासून प्लेग पसरवण्याची ती गोष्टच मुळात खोटी होती. पण खांब १७७८ पर्यंत उभा होता. म्हणजे बेक्कारियाने पुस्तक लिहिलं तेव्हाही न्यायाची ही चूक शहराच्या मधोमध उभी होती.

मित्रांच्या अड्ड्यावर लिहिलेलं पुस्तक

पिएत्रो वेरी आणि त्याचा धाकटा भाऊ अलेस्सांद्रो यांच्या घरी तरुणांचा एक अड्डा जमायचा. वाद इतके रंगायचे की ग्रुपचं नावच पडलं ठोशांची अकादमी. अलेस्सांद्रोकडे कैद्यांच्या तक्रारी बघण्याचं सरकारी काम होतं. तुरुंगात काय चालतं, हे त्याच्याकडून सगळ्यांना कळायचं.

बेक्कारिया स्वभावाने आळशी आणि लवकर कंटाळणारा. मित्रांनी त्याला विषय दिला, शिक्षा आणि न्यायव्यवस्थेवर लिही. १७६३ च्या मार्चमध्ये त्याने सुरुवात केली. वेरीच्या घरी बसून तो कागदांवर मुद्दे खरडायचा आणि थोड्या वेळात दमायचा. वेरी ते नीट उतरवून काढायचा. अशा पद्धतीने साधारण वर्षभरात पुस्तक तयार झालं. त्याच्या नावाचा मराठीत अर्थ होतो, गुन्हे आणि शिक्षांविषयी.

१७६४ मध्ये ते तोस्काना राज्यातल्या लिवोर्नो बंदरात छापलं गेलं. त्यावर लेखकाचं नाव नव्हतं. कारण सरळ होतं, बेक्कारिया घाबरला होता. तेव्हा युरोपात चोरीसाठीही फाशी व्हायची. कबुली मिळवण्यासाठी छळ करणं कायदेशीर होतं. पॅरिसमध्ये १७५७ मध्ये राजावर चाकूहल्ला करणाऱ्या माणसाला भर चौकात घोड्यांना बांधून फाडलं होतं. अशा काळात राजाच्या शिक्षा देण्याच्या हक्कावरच बोट ठेवायचं होतं.

त्याचं म्हणणं नेमकं काय होतं?

पहिला मुद्दा हक्काचा. समाजात सुरक्षित राहता यावं म्हणून प्रत्येक माणूस आपल्या स्वातंत्र्याचा छोटासा तुकडा सरकारकडे देतो. या सगळ्या तुकड्यांची बेरीज म्हणजे शिक्षा देण्याचा अधिकार. पण त्या तुकड्यात आपला जीव घेण्याची परवानगी कुणी कशाला देईल? आणि जी परवानगी कुणी दिलीच नाही, ती सरकारकडे आली कुठून?

दुसरा मुद्दा उपयोगाचा. फाशी काही मिनिटांत संपते. बघणारे हळहळतात किंवा तमाशा बघितल्यासारखे बघतात आणि घरी जाऊन विसरतात. त्यापेक्षा जन्मभर बेड्यांमध्ये राबणारा माणूस डोळ्यांसमोर असेल, तर धाक जास्त बसतो.

तिसरा मुद्दा शिक्षेच्या खात्रीचा. गुन्हेगार शिक्षा किती मोठी आहे हे मोजत बसत नाही, आपण सुटू असं त्याला वाटतं म्हणून तो गुन्हा करतो. शिक्षा सौम्य असली पण लवकर आणि हमखास मिळणारी असली, तर ती जास्त काम करते.

चौथा मुद्दा उदाहरणाचा. खून वाईट आहे हे शिकवायला सरकारच सगळ्यांसमोर ठरवून जीव घेत असेल, तर लोक नेमकं काय शिकणार?

छळाबद्दलही त्याचं म्हणणं साधं होतं. दणकट गुन्हेगार मार सोसून सुटतो आणि अशक्त निर्दोष माणूस कबुली देऊन अडकतो.

यात दोन गोष्टी आजच्या वाचकाला खटकू शकतात. एक म्हणजे बेक्कारियाने अपवाद ठेवला होता. तुरुंगात असूनही एखादा माणूस देश उलथवू शकत असेल, तर त्याला मृत्युदंड देता येईल, असं तो म्हणत होता. दुसरी म्हणजे, जन्मभराची गुलामी मरणापेक्षा जास्त भीतीदायक आहे, म्हणूनच ती त्याला हवी होती. यात दयामाया शोधायला गेलं तर फारशी सापडत नाही.

पुस्तक सुटलं सुसाट, लेखक मात्र घरी

व्हेनिसने पुस्तकावर बंदी घातली. एका धर्मगुरूने लेखकाला धर्मद्रोही आणि राजद्रोही ठरवलं. त्याला उत्तर वेरी बंधूंनीच लिहून दिलं. १७६६ मध्ये चर्चने पुस्तक निषिद्ध ग्रंथांच्या यादीत टाकलं.

पण फ्रान्समध्ये वेगळंच वातावरण होतं. तुलूझ शहरात १७६२ मध्ये झां कालास नावाच्या व्यापाऱ्याला स्वतःच्या मुलाच्या खुनाच्या आरोपाखाली चाकावर हाडं मोडून मारलं होतं. तो प्रोटेस्टंट होता आणि शहर कॅथलिक. व्होल्तेरने हे प्रकरण लावून धरलं आणि १७६५ मध्ये कालास निर्दोष ठरला. पण तोवर त्याला मरून तीन वर्षं झाली होती. अशा वेळी बेक्कारियाचं पुस्तक फ्रेंचमध्ये आलं आणि १७६६ मध्ये खुद्द व्होल्तेरने त्यावर भाष्य लिहिलं.

बेक्कारियाला पॅरिसचं आमंत्रण आलं. १७६६ च्या ऑक्टोबरमध्ये तो अलेस्सांद्रोबरोबर गेलाही. अख्खं पॅरिस त्याला भेटायला उत्सुक, आणि याला घरची आणि तेरेसाची आठवण येऊन करमेना. मुक्काम अर्धवट टाकून तो मिलानला परतला. वेरी बंधू यावरून भडकले आणि मैत्री तुटली. पुस्तक खरं तर वेरीचंच आहे, अशीही कुजबुज झाली.

रशियाच्या कॅथरिन राणीने नव्या कायद्यांच्या मसुद्यात बेक्कारियाचे विचार घेतले आणि त्याला रशियात बोलावलं. तो गेला नाही. मिलानच्या सरकारने १७६८ मध्ये त्याला अर्थशास्त्राचं प्राध्यापकपद दिलं. पुढची वर्षं तो सरकारी अधिकारी म्हणून धान्य, नाणी आणि वजन-मापांच्या फायलींमध्ये रमला. १७७४ मध्ये तेरेसा गेली आणि तीन महिन्यांत त्याने दुसरं लग्न केलं. मुलगी जुलिया हिच्याशीही त्याचं फारसं जमलं नाही.

शेवटचा आणि सगळ्यात जड मुद्दा

३० नोव्हेंबर १७८६ ला तोस्कानाचा राजा पीटर लिओपोल्ड याने मृत्युदंड कायद्यातूनच काढून टाकला. युरोपात असं करणारं हे पहिलं राज्य मानलं जातं. १७९० मध्ये दंगली झाल्यावर काही गुन्ह्यांसाठी तो परत आला, पण ३० नोव्हेंबर हा दिवस तिथे आजही साजरा होतो.

मिलानच्या सरकारनेही कायदे बदलण्यासाठी समिती नेमली. त्यात बेक्कारिया होता. बहुतेक सदस्यांना फाशी हवी होती. १७९२ मध्ये बेक्कारिया आणि आणखी दोघांनी वेगळं मत नोंदवलं. यावेळी लेखकाचं नाव लपवलेलं नव्हतं.

या मतात त्याने एक असा मुद्दा मांडला, ज्यावर १७६४ च्या पुस्तकात भर नव्हता. पुरावे माणसं गोळा करतात, न्यायही माणसंच करतात आणि माणसं चुकतात. बाकी कुठल्याही शिक्षेत चूक थोडीफार तरी सुधारता येते. फाशीनंतर सुधारायला कुणी उरतच नाही.

समितीने त्याचं ऐकलं नाही. २८ नोव्हेंबर १७९४ ला तो वारला, तेव्हा वय होतं ५६. तीन वर्षांनी जर्मन तत्त्वज्ञ कांट याने त्याच्यावर टीका केली. खुन्याला मरण हाच न्याय आहे, त्यात फायद्या-तोट्याचा हिशोब आणायचाच नसतो, असं कांटचं म्हणणं. आजही फाशीवरची भांडणं फिरून फिरून याच दोघांपाशी येतात.

त्या कलंकस्तंभाची गोष्ट पुढे पुस्तकातून जगासमोर आणली ती बेक्कारियाच्या नातवाने, म्हणजे जुलियाच्या मुलाने. त्याचं नाव अलेस्सांद्रो मांझोनी, इटलीचा थोर कादंबरीकार.

आणि आपल्याकडे?

भारतात फाशी आजही कायद्यात आहे. जून १९४९ मध्ये संविधान सभेत फाशीच्या अपिलांवर चर्चा चालू असताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी फाशीच रद्द करण्याच्या बाजूने मत मांडलं होतं. तसं झालं नाही. १९८० मध्ये बच्चन सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ४ विरुद्ध १ अशा बहुमताने फाशी घटनेला धरून असल्याचं ठरवलं, पण दुर्मिळातल्या दुर्मिळ प्रकरणातच ती द्यावी अशी अटही घातली. २०१५ मध्ये विधी आयोगाने दहशतवादाचे गुन्हे सोडून बाकी सगळ्या गुन्ह्यांसाठी फाशी बंद करण्याची शिफारस केली. तरी २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत ती कायम आहे.

आता महाराष्ट्रातलंच एक प्रकरण बघा. २००३ मध्ये नाशिक जिल्ह्यात दरोडा, बलात्कार आणि पाच जणांच्या हत्येचा अत्यंत क्रूर गुन्हा घडला. भटक्या जमातीतल्या सहा गरीब माणसांना अटक झाली. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना फाशी सुनावली. पुढे प्रकरण पुन्हा तपासलं गेलं. तेव्हा समोर आलं की वाचलेल्या साक्षीदाराने पोलिसांकडच्या फोटोंमधून सुरुवातीला दुसऱ्याच चार जणांना ओळखलं होतं. मार्च २०१९ मध्ये त्याच सर्वोच्च न्यायालयाने सहाही जणांना निर्दोष सोडलं आणि प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितलं.

तोवर त्यांची सोळा वर्षं तुरुंगात गेली होती. ज्या कुटुंबाची माणसं मारली गेली, त्यांनाही न्याय मिळालाच नाही. पण हे सहा जण निकाल ऐकायला जिवंत होते. फाशी लवकर झाली असती तर ती भरपाई कुणाच्या हातात द्यायची, हा प्रश्न १७९२ मध्येही होता आणि आजही आहे.